संदेश पूर्ण वाचणाऱ्या मुलीस

प्रिय पोरी,

अनेक आशीर्वाद.

आमचा कॉम्प्युटर दुरुस्त करून जाताना ‘माझं नाव लिहू नका काकू,’ म्हणालीस, म्हणून लिहीत नाही. पत्र मात्र सगळ्यांसमोर लिहितेय. सोलापूरच्या पूर्व भागात माझ्यासारखे पुष्कळ जण आहेत. त्यांच्या चादरी-टॉवेलांच्या सगळ्या नक्ष्या एकाच जुन्या कॉम्प्युटरवर असतात. जकार्डची, म्हणजे मागावर कापडातच विणली जाणारी, नक्षी काढायचं सॉफ्टवेअर उघडलं नाही तर नवी ऑर्डर मागावर चढत नाही, आणि गड्ड्याच्या जत्रेच्या तोंडावर हे झालं तर घरात काय होतं, ते ज्याचं त्यालाच माहीत.

तू येण्याआधी काय काय झालं ते तुला थोडंच सांगितलं होतं. ‘कॉम्प्युटर हलका करून देतो,’ म्हणून एकाने त्यातली ‘नको असलेली’ सॉफ्टवेअरं काढून टाकली. यादीत एकाच नावाच्या सात-आठ ओळी दिसल्या, त्याला वाटलं एकच गोष्ट पुन्हा पुन्हा भरलीय. दुसऱ्या दिवशी नक्षीचं सॉफ्टवेअर उघडेना. पडद्यावर संदेश आला की त्याने तो ‘ओके’ दाबून घालवायचा, परत आला की परत घालवायचा, आणि शेवटी म्हणाला, फॉरमॅट मारावं लागेल. दुसऱ्याने कुठल्याशा साइटवरून एक फाइल आणून आत टाकली. त्यानंतर जुना संदेश गेला आणि आकडे-अक्षरांचा भलताच कोड यायला लागला. पैसे दोघांनीही घेतले. वर ऐकवलं, ‘सॉफ्टवेअरच जुनं झालंय, नवीन घ्या.’ त्या नव्याची किंमत आमच्या एका मागाएवढी.

तू आलीस, दुसऱ्याने टाकलेली ती उपरी फाइल आधी काढलीस, तसा जुना संदेश परत आला. मग खुर्ची बाजूला ओढून बसलीस, माउस माझ्याच हातात राहू दिलास आणि म्हणालीस, ‘काकू, ती खिडकी बंद करू नका. काय लिहिलंय ते मला वाचून दाखवा.’

पोरी, खरं सांगते, तिथेच मला रडू येत होतं. इतक्या लोकांनी तो संदेश पाहिला, वाचला कोणीच नव्हता, आणि मला वाचायला तर कोणी सांगितलंच नव्हतं. मी एकेक अक्षर लावत वाचत होते. तू मध्ये शब्द पुरा करून दिला नाहीस, घड्याळाकडे पाहिलं नाहीस. कागदावर माझ्यासाठी मराठीत लिहिलंस: एमएसव्हीसीआर१००.डीएलएल. आणि खाली, ‘ही फाइल सापडत नाही, म्हणून प्रोग्राम सुरू होत नाही.’ कॉम्प्युटर बिघडलेला नव्हता. नक्ष्या कुठे गेल्या नव्हत्या. काय नाही ते तो रोज सरळ सांगत होता.

मग तू विचारलंस, तुमच्या गल्लीत प्रत्येकाकडे स्वतःचं वार्पिंग मशीन, म्हणजे मागाचे उभे धागे बीमच्या रुळावर गुंडाळणारं मशीन, आहे का? नाही. एका वार्पिंगवाल्याकडून कित्येक मागांना बीम भरून जातं, आणि तो बंद राहिला तर धडधाकट माग उभा राहतो. तसंच हे, म्हणालीस. नेहमी लागणारी कामं प्रत्येक प्रोग्राम स्वतःजवळ ठेवत नाही, सगळ्यांसाठी मिळून एका फाइलीत ठेवलेली असतात. जागा वाचते, आणि त्या फाइलीतला दोष एकदा दुरुस्त केला की सगळ्यांना फायदा. मग मला कळलं, यादीतल्या त्या सात-आठ ओळी अशाच फाइलींच्या संचांच्या होत्या, आणि त्या एक नव्हत्याच. फाइलीच्या नावात १०० म्हणजे २०१०ची आवृत्ती, १२० म्हणजे २०१३ची, आणि प्रोग्राम ३२ बिट व ६४ बिट अशा दोन प्रकारांत बनतात म्हणून त्यातही ३२ बिटची वेगळी, ६४ बिटची वेगळी. आमचं सॉफ्टवेअर ३२ बिटचं, आणि दुसऱ्याने आणलेली फाइल ६४ची. विंडोज ६४चं असलं तरी ३२च्या प्रोग्रामला ३२चीच फाइल लागते, हे त्याला ठाऊक असायला हवं होतं.

तू मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवरून २०१०चा पूर्ण संच घेऊन बसवलास. फुकट मिळतो तो! माझा मुलगा लिनक्सचं, म्हणजे विंडोजऐवजी वापरतात त्या दुसऱ्या सिस्टिमचं, विचारत बसला तर त्यालाही सांगितलंस, तिथे या फाइलींच्या नावात ‘डॉट एसओ’ असतं, एलडीडी ही आज्ञा दिली की कोणती सापडत नाही ते कळतं, आणि कधीकधी फाइल असते पण कॉम्प्युटर त्या जागी शोधतच नाही. तो रात्री तेच करून बघत होता.

तू सांगितलेले तेवढेच पैसे घेतलेस. हुशार माणसं या गावात कमी नाहीत. पण समोरच्याचं पूर्ण ऐकून मग हात लावणारी माणसं फार थोडी भेटतात. बाळंतपणात मला एक नर्स भेटली होती, प्रत्येक गोळी देताना ती कशाची आहे ते सांगायची. तिचा चेहरा अजून आठवतो. आता तुझाही आठवेल. आईवडिलांनी तुला फार चांगलं वळण लावलंय, त्यांनाही माझा नमस्कार सांग.

ऑर्डर वेळेत गेली. तुझा कागद मी प्लास्टिकमध्ये घालून पडद्याशेजारी चिकटवलाय. पलीकडच्या कारखान्यात परवा तसाच संदेश आला, त्यांच्यात १२० आहे. त्यांना म्हटलं, कोणालाही ओके दाबू देऊ नका, आधी वाचा. जमलं नाही तर तुला फोन करतील, तेवढं जाऊन ये.

तुझी,
नक्षीवाली काकू