रिळात धरण आहे, गाव नाही

महोदय,

पूर्वी टॉकीजमध्ये पिक्चरच्या आधी ‘फिल्म्स डिव्हिजन की भेंट’ ही अक्षरं यायची. ती सरकारी माहितीपटांची रिळं दाखवणं ही थिएटरच्या परवान्याचीच अट होती. लोक तोवर शेंगा फोडत बसायचे, मी मात्र डोळे लावून बघायचो. भाक्राची भिंत, भिलाईची भट्टी, विजेचे मनोरे! १९५५ साली मद्रासजवळच्या आवडी इथल्या काँग्रेस अधिवेशनात समाजवादी समाजरचनेचा ठराव झाला, दुसरी पंचवार्षिक योजना आली. कराडच्या शाळकरी पोरापर्यंत हे सारं पोचलं ते या रिळांतूनच. त्यांना नुसता सरकारी प्रचार म्हणायला माझी जीभ वळत नाही. अंगावर तेव्हा खरोखर काटा यायचा.

पण आमचं गाव कोयनेच्या बुडितात गेलं होतं, म्हणूनच तर आम्ही कराडला आलो होतो. पडद्यावर फेटेवाले हसायचे, बाया घागरी भरायच्या; बोलायचं मात्र कुणीच नाही. बोलायचा तो निवेदक, भारदस्त आवाजात. जागेवर आवाज टिपणारी यंत्रं तेव्हा जड आणि महाग होती, हे मान्य. तरी विचारायला काय हरकत होती?

झिगा व्हर्टोव्हनं १९२८ मध्ये सोव्हिएत राजवटीत ‘अकरावं वर्ष’ हा माहितीपट केला. त्यात द्नीपर नदीवरच्या वीजप्रकल्पाचं काम आहे. सुरुंगांच्या धुरळ्यात त्याचा कॅमेरा मध्येच जमिनीतल्या दोन हजार वर्षांपूर्वीच्या सिथियन, म्हणजे तिथल्या प्राचीन भटक्या लोकांपैकी एकाच्या, सांगाड्यावर थांबतो. इथं आधी कोण होतं, हे त्या प्रगतीवेड्या माणसालाही दाखवावंसं वाटलं.

आमची माणसं तर अजून हयात आहेत. कुणी ठाण्याकडे, कुणी रायगडात, कुणी सोलापूरकडे पांगलं. गाव उठताना तरणी होती ती आज ऐंशीच्या पुढं गेलीत. आमची आत्या अजून देवळाच्या पायऱ्या मोजून सांगते, कुणाचं खळं कुठं होतं ते बोटानं हवेत काढून दाखवते.

फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. महामंडळाला माझी विनंती आहे, की धरणांवरची रिळं पाटणला, कोयनानगरला आणून दाखवावीत. एकदा निवेदनासह, एकदा आवाज बंद करून. दुसऱ्या वेळी समोरच्या म्हाताऱ्या माणसांच्या हाती माईक द्यावा आणि ती जे बोलतील ते ध्वनिमुद्रित करून त्याच रिळासोबत जपावं. पावसाळ्याआधी केलं तर बरं. आत्या यायला तयार आहे.

– एक निवृत्त शिक्षक, कराड (जि. सातारा)