बाळाच्या फोटोत वाढ दिसू द्या

मा. संपादक,
स. न. वि. वि.

बाळाचा दर महिन्याला फोटो काढण्याची हौस आता गावोगावी दिसते. संक्रांतीला हलव्याचे दागिने, आषाढीला छोटा विठ्ठल, मे महिन्यात आंब्यांची आरास. पण बारा फोटो शेजारी मांडले की आरास तेवढी बदललेली दिसते. बाळ किती वाढलं ते कळत नाही.

वाढ टिपायची तर बाळाखेरीज काहीच बदलू नये. तीच गोधडी, तीच खिडकी, शेजारी तीच कापडी बाहुली. पहिल्या महिन्यात बाळाएवढी दिसणारी बाहुली वर्षअखेरीस चिमुकली वाटते, तीच खरी मोजपट्टी. उजेड डोक्याकडून किंवा कुशीकडून यावा. पायांकडून आला तर नाकाची सावली कपाळाकडे चढते. मोबाइल तोंडाजवळ नेला की डोकं मोठं आणि पाय काड्यांसारखे येतात. म्हणून बाळाला जमिनीवर निजवून, उभं राहून '२एक्स'वर (दुप्पट झूमवर) फोटो घ्यावा. मोबाइलची दोरी मनगटात हवीच, तो निसटला तर थेट बाळावर पडेल.

पाच-सहा महिन्यांनी बाळ उताणं राहतच नाही. तिथून व्हिडिओच खरा. मोबाइल आडवा धरून, जमिनीवर बाळाच्या नजरेइतक्या उंचीवर ठेवून ३०-४० सेकंद पुरतात. पालथं पडण्याआधीची धडपड, रांगताना मागेच सरकणं हेही टिपा. 'पहिलं पाऊल' गाठायच्या नादात हे सगळं निसटतं. संध्याकाळी ट्यूबलाइटमध्ये हलते हातपाय पुसट येतात, सकाळची वेळ धरावी. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवलेली प्रत लहान होते आणि काढल्याची तारीखही निघून जाते. मूळ फाइल मोबाइलशिवाय आणखी दोन ठिकाणी ठेवावी.

एका गोष्टीची मात्र आम्हाला काळजी वाटते. तळहातांवर हनुवटी टेकवून बसलेल्या नवजात बाळाचा फोटो बहुधा दोन फोटो जोडून केलेला असतो: एकात मोठ्या माणसाने डोकं धरलेलं, दुसऱ्यात मनगटं. नंतर ते हात संगणकावर पुसतात. बाळ मान धरतं ते तिसऱ्या-चौथ्या महिन्याच्या सुमारास. त्याआधी घरी हे करून पाहणं धोक्याचं आहे. हलव्याचे दाणे, मणी, बोरंही तोंडात जाऊन श्वास अडकू शकतो.

वृत्तपत्रांनी असे फोटो छापताना 'दोन फोटो जोडून केलेले, घरी करू नये' एवढी ओळ खाली द्यावी, ही विनंती.

आपले,
लहान मुलांचे फोटो काढणारे काही छायाचित्रकार, नाशिक