बाई, आजून किती येळा सांगायचं?

प्रति,
मा. महिला व बालविकास मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई.

विषय: अत्याचार झालेल्या मुलांना पुन्हा पुन्हा बोलायला लावण्याबाबत.

महोदया,

सविनय नमस्कार. मी मराठवाड्यातल्या एका ऊसतोड तालुक्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत बावीस वर्षं शिकवते आहे. गावाचं आणि शाळेचं नाव मुद्दाम लिहीत नाही. पॉक्सोच्या, म्हणजे मुलांना लैंगिक अत्याचारापासून जपणाऱ्या कायद्याच्या, कलम २३ ने आणि बाल न्याय कायद्याच्या कलम ७४ ने मुलाची ओळख उघड करायला मनाई आहे. गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ती मनाई एका संध्याकाळीत मोडली गेली, ते पाप मला पुन्हा करायचं नाही. आजवर मंत्र्यांना पत्र लिहायची वेळ आली नव्हती. गेल्या मंगळवारी आली.

माझी एक विद्यार्थिनी आहे. जानेवारी २०२४ मध्ये तक्रार दिली तेव्हा पाचवीत होती, आता सातवीत आहे. मंगळवारी तिची कोर्टाची तारीख होती. सकाळी सव्वासहाची एसटी, ५८ किलोमीटर. वाटेत तिला उलटी होते म्हणून मी हातात लिंबू देते, ती ते नखाने टोकरत बसते. साडेदहापासून आम्ही व्हरांड्यातल्या बाकावर होतो. अकराच्या सुमाराला तो आला. जामिनावर आहे. भाऊ आणि आणखी दोघे सोबत. समोरच्या बाकावर बसला. मध्ये आठ फूट असतील नसतील.

पॉक्सोचं कलम ३६ म्हणतं, साक्ष देताना मूल आरोपीच्या समोर येता कामा नये. आत पडदा लावतात, मी नाही म्हणत नाही. पण व्हरांड्यातल्या पाच तासांचं काय? पोरीने माझा पदर ओढून तोंडावर घेतला आणि पाण्याच्या बाटलीचा पट्टा दातांत धरून बसली. साडेतीनला पुकारा झाला. समोरचे वकील आलेच नव्हते. पुढची तारीख.

जिना उतरताना तिने विचारलं, "बाई, आजून किती येळा सांगायचं?" आणि बोटं मोडून मोजायला लागली. एक मी. दोन मुख्याध्यापक. तीन ठाण्यातले अंमलदार. चार ठाण्यातल्या मॅडम. पाच दवाखान्यातल्या सिस्टर, सहा डॉक्टर. सात बाल कल्याण समिती. आठ मॅजिस्ट्रेट. नऊ सरकारी वकील. दहावं बोट तसंच राहिलं, कारण दहाव्यांदा जिथे सांगायचं ती साक्ष झालीच नाही.

महोदया, या नऊ जणांतली पहिली चूक माझी आहे, ती आधी सांगते. त्या दिवशी मधल्या सुट्टीत ती वर्गातच बसून राहिली होती. मी जवळ बसले. ती म्हणाली, "कुणाला सांगू नका." मी म्हणाले, "नाही सांगणार." तिने सांगितलं. मी मध्येच विचारलं, "अगं, मग तू ओरडली का नाहीस?" दुसऱ्या दिवशी सकाळी मी तिला दिलेला शब्द मोडला, कारण कायद्याने मोडावाच लागतो. ती माझ्याकडे बघत होती, ते डोळे मी विसरलेले नाही. मुलाला गुप्ततेचं वचन द्यायचं नसतं. "मी ऐकते आहे, तुझी काही चूक नाही, आणि तुला जपता यावं म्हणून मला अमक्या माणसाला सांगावं लागेल," असं सांगायचं असतं. "का नाही ओरडलीस" हे तर कधीच विचारायचं नसतं. जे विचारायचं ते "मग काय झालं?" एवढंच, आणि तिचे शब्द तिच्याच भाषेत, तारीख-वेळ घालून, त्याच दिवशी लिहून ठेवायचे. हे मला नंतर कळलं. मुलांच्या मदतीच्या १०९८ या हेल्पलाइनवर फोन लावला तेव्हा पलीकडून एका मुलीने शांतपणे सांगितलं, "मॅडम, आता तिला काहीही विचारू नका. ती बोलली तर ऐका." डी.एड. झाले, बावीस वर्षांत प्रशिक्षणं किती झाली त्याची मोजदाद नाही, आणि हे वाक्य मला फोनवर एका अनोळखी मुलीकडून शिकावं लागलं.

मुख्याध्यापक म्हणाले, "बाई, पोरीचं लग्न व्हायचंय. शाळेचं नाव जाईल." मी त्यांच्यापुढे कायद्याची प्रत ठेवली. कलम १९ प्रमाणे कळवणं प्रत्येकावर बंधनकारक आहे, आणि कलम २१ प्रमाणे संस्थेच्या प्रमुखाने आपल्या हाताखालच्या माणसाविरुद्धचा प्रकार दडपला तर एक वर्षापर्यंत कैद, इतर कोणी दडपला तर सहा महिने. आरोपी आमच्या शाळेतला नव्हता. आजीच्या शेजारच्या घरातला, तिला "काका" म्हणायला शिकवलेला माणूस. सर म्हणाले, मग शाळेचा काय संबंध?

ठाण्यात जे झालं ते कायद्याच्या पुस्तकाशेजारी ठेवून बघा. कलम २४ म्हणतं, मुलाचा जबाब त्याच्या घरी किंवा त्याला हवा तिथे घ्यावा, शक्यतो उपनिरीक्षक दर्जाच्या महिला अधिकाऱ्याने घ्यावा आणि अंगावर गणवेश नसावा. आमचा जबाब वायरलेसच्या टेबलाशेजारी झाला, गणवेशात. आधी अंमलदारांनी ऐकला, मग मॅडम आल्यावर पुन्हा पहिल्यापासून. कलम २६ मध्ये जबाब शक्य तिथे ध्वनिचित्रमुद्रित करण्याची सोय आहे. कोणी विचारलंसुद्धा नाही. कलम २७ म्हणतं, मुलीची तपासणी महिला डॉक्टरनेच करावी. महिला डॉक्टर संध्याकाळी सातला आल्या. आम्ही सकाळी अकरापासून बसलो होतो. दहा वर्षांच्या मुलीने सकाळपासून काही खाल्लं नाही म्हणून मी बिस्किटाचा पुडा आणला, तर सिस्टर ओरडल्या की तपासणी व्हायची आहे. उपाशी ठेवायची गरज होती की नव्हती, हे मला आजही कोणी सांगितलेलं नाही.

न्यायालय, पोलीस, दवाखाना ही तुमची खाती नाहीत, मला माहीत आहे. तुमच्या खात्याचं सांगते. पॉक्सोच्या २०२० च्या नियमांप्रमाणे अशा प्रत्येक मुलाची माहिती पोलिसांनी चोवीस तासांत बाल कल्याण समितीला द्यायची आणि समितीने एक सपोर्ट पर्सन द्यायचा. पहिल्या दिवसापासून खटला संपेपर्यंत एकच माणूस. ठाण्यात, दवाखान्यात, कोर्टात सोबत. पुढे काय होणार ते मुलाला आधी समजावून सांगणारा. ऑगस्ट २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही बजावलं की ही गोष्ट पालकांच्या मर्जीवर सोडू नका. आमच्या प्रकरणात फॉर्मवर "सपोर्ट पर्सन नको" असं लिहिलेलं आहे, खाली आईचा अंगठा. मी तिला विचारलं. ती म्हणाली, "वकिलासारखं त्याचं बी पैसं द्यावं लागतील वाटलं." तिला कोणी सांगितलंच नाही की पैसे लागत नाहीत. तीन शब्दांत त्या पोरीचा हक्क संपवला, आणि कागद पूर्ण झाला.

एक ताई मात्र आली होती. जिल्हा बाल संरक्षण कक्षातली, कंत्राटी. दोनदा स्वतःच्या पैशाने गावात आली. आल्या आल्या मुलीला प्रश्न विचारले नाहीत, जमिनीवर बसून तिच्यासोबत सागरगोटे खेळली. कोर्टाची खोली कशी असते, कोण कुठे बसतं, हे तिने खडूने फरशीवर काढून दाखवलं. पोरगी त्या दिवशी हसली. पुढच्या महिन्यात ताईने फोन करून सांगितलं, "बाई, मानधन वेळेवर येत नाही, मी दुसरीकडे लागले." त्या जागेवर कोण आलं ते मला आजतागायत कळलेलं नाही.

मग बदलापूर झालं. ऑगस्ट २०२४. शाळेतच अत्याचार झालेल्या, शिशुवर्गातल्या दोन चिमुरड्या. तक्रार नोंदवून घ्यायला पालकांना तासन्‌तास ठाण्यात बसवून ठेवलं, २० ऑगस्टला लोक रुळांवर उतरले, उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. शासनाचा निर्णय निघाला: सीसीटीव्ही, तक्रारपेटी, कर्मचाऱ्यांची चारित्र्य पडताळणी, मुलांच्या सुरक्षिततेसाठी शाळेत सखी सावित्री समिती. आमची तक्रार त्याच्या सात महिने आधीची. मला खरंच वाटलं होतं की आता आमच्या पोरीचंही काहीतरी हलेल. शाळेला तक्रारपेटी मिळाली. तिची किल्ली मुख्याध्यापकांच्या ड्रॉवरमध्ये असते. कॅमेरा व्हरांड्यात लागला. आजीच्या शेजारच्या घरात कोणता कॅमेरा लावणार आहात? केंद्र सरकारने २००७ मध्ये तेरा राज्यांतल्या साडेबारा हजार मुलांना विचारून अहवाल काढला होता. निम्म्याहून जास्त, ५३ टक्के मुलांनी कुठल्या ना कुठल्या लैंगिक अत्याचाराबद्दल सांगितलं होतं. माझ्या वर्गात ३१ मुलं आहेत. हिशोब तुम्हीच करा. मी केला तेव्हा मला हजेरी घेणं जड गेलं.

बालसुरक्षेचं प्रशिक्षणही झालं. ऑनलाइन, दुपारी दोन ते चार, स्क्रीनवर कलमं वाचून दाखवली. शेवटी हजेरीचा फोटो अपलोड करायचा होता. मूल रडायला लागलं तर हात धरायचा की नाही, विचारून धरायचा का, घरचाच माणूस आरोपी असेल तर त्या रात्री मूल झोपणार कुठे, यातला एकही प्रश्न त्या दोन तासांत आला नाही. मी चॅटमध्ये विचारला. उत्तर आलं, वेळ संपली.

आता माझं. लिहू नये असं वाटतं, पण लिहिते. तक्रारीनंतर दोन महिन्यांनी घरमालकाने खोली सोडायला सांगितली. स्कूटीची सीट ब्लेडने फाडली. पोषण आहाराच्या तांदळात घोळ केल्याचा निनावी अर्ज माझ्याविरुद्ध गेला, चौकशी झाली, काही निघालं नाही. पण त्या तीन महिन्यांत माझी झोप गेली आणि रक्तदाबाची गोळी सुरू झाली. नवरा म्हणाला, तुला कोणी सांगितलं होतं? माझ्या मुलीला तिच्या वर्गात विचारलं, "तुझी आई पोरींना कोर्टात नेते का?" कोर्टाच्या तारखांना माझ्या किरकोळ रजा संपल्या, मग बिनपगारी. कलम १९(७) म्हणतं, सद्‌हेतूने माहिती देणाऱ्यावर कसलीही दिवाणी किंवा फौजदारी कारवाई होणार नाही. कारवाई झाली नाही हे खरं आहे. मला फक्त एकटं पाडलं गेलं. आज आमच्या शाळांच्या केंद्रातल्या शिक्षिका मला बाजूला घेऊन सांगतात, "तुमचं बघून आम्ही गप्प बसतो." किती मुलांची तोंडं माझ्या उदाहरणाने बंद झाली असतील, या विचाराने रात्री उठून बसते.

पैसा नाही, माणसं नाहीत, हे कृपा करून सांगू नका. २०२४ च्या जुलैत लाडकी बहीण योजना तुमच्याच खात्याने चालवली. अंगणवाडी सेविकांनी दारोदार जाऊन अर्ज भरले, काही महिन्यांत दोन कोटींहून जास्त बायकांच्या खात्यात दीड-दीड हजार पोचले. आमच्या गावातली पारूबाई, जिला स्वतःची जन्मतारीख माहीत नाही, तिच्यापर्यंत तुमचं खातं पोचलं. मग ५८ किलोमीटरवरच्या व्हरांड्यात एका मुलीशेजारी बसायला एक माणूस का पोचत नाही? राज्यात ३६ जिल्हे आहेत. एका बाल कल्याण समितीत अध्यक्ष धरून पाच जण, म्हणजे १८० माणसं. थोडी जास्त असतील. कायदा म्हणतो समितीने महिन्यातून किमान वीस दिवस बसावं. किती समित्या खरोखर बसतात, याचा तक्ता तुम्ही कधी मागवला आहे का? मुलांना मत नसतं म्हणून हे असं आहे, दुसरं कारण मला सापडत नाही.

आणि त्या मुलीला आजीकडे कोणी ठेवलं? आई-बाप कोयत्यावर, ऊसतोडीला गेले होते. मुकादमाची उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घेतलेली, दिवाळीनंतर टोळी निघाली ती पाडव्याला परत. साखर सगळा महाराष्ट्र खातो. आमच्या शाळेतली निम्मी पोरं सहा महिने म्हाताऱ्या आज्यांच्या भरवशावर असतात. आजीला रात्री दिसत नाही. हंगामी वसतिगृह कागदावर मंजूर होतं ते नोव्हेंबरात, सुरू होतं तेव्हा संक्रांत उलटलेली असते. कायदा, कारखाना, शाळा, सगळे आपापल्या जागी बरोबर, आणि मूल मध्ये एकटं.

मला काय हवं ते सांगते. प्रत्येक तालुक्याला एक पूर्णवेळ, पगारी, शिकलेला सपोर्ट पर्सन द्या, कंत्राट संपलं म्हणून मुलाला अर्ध्यात सोडून जाणारा नको. त्या फॉर्मवरचा "नको" हा रकाना काढून टाका. मुलाने पहिल्यांदा सांगितलेलं प्रशिक्षित माणसाने एकदाच, मुद्रित करून घ्यावं, आणि बाकीच्यांनी ते बघावं, यासाठी गृह आणि आरोग्य खात्याशी तुम्ही भांडा. आम्ही भांडून उपयोग नाही. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२२ मध्ये मुलांसारख्या असुरक्षित साक्षीदारांसाठी वेगळी साक्ष केंद्रं उभारायला सांगितलं, तेही महाराष्ट्रातून गेलेल्या प्रकरणात. आमच्या कोर्टात निदान वेगळं दार आणि बसायला वेगळी खोली तरी मिळावी. शिक्षकांचं प्रशिक्षण समोरासमोर, करून दाखवून घ्या. हवं तर मला बोलवा, मी माझी चूक सगळ्यांपुढे उभी राहून सांगेन.

पुढची तारीख १९ आहे. एसटी सव्वासहाचीच. मी बिनपगारी रजा टाकलेली आहे. त्या दिवशी कायद्याने तिच्याशेजारी कोणीतरी असायला हवं. तुमच्याकडून कोणी येणार असेल तर आधी कळवा, म्हणजे नवीन माणूस येणार हे मला तिला आदल्या दिवशी सांगता येईल. आणि त्या माणसाला एवढंच सांगून पाठवा की आल्यावर तिला काय झालं ते विचारू नको.

आपली,
एक प्राथमिक शिक्षिका, मराठवाडा