तीस पौंड आणि तीस हजार पौंड

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या पुरवणीतला शार्लट ब्रॉंटे यांच्या ‘जेन एअर’ या कादंबरीवरचा (१८४७) लेख आवडला. नायिका जेनच्या स्वाभिमानाचं कौतुक त्यात मनापासून केलं आहे. पण हा स्वाभिमान कादंबरीभर पैशांच्या हिशोबात मोजला जातो, त्याबद्दल लेखात अक्षरही नाही.

थॉर्नफिल्ड या वाड्यात गव्हर्नेस (घरी राहून शिकवणारी शिक्षिका) म्हणून जेनला वर्षाला ३० पौंड मिळतात, आधीच्या शाळेतल्या पगाराच्या दुप्पट. वाड्याचा मालक रॉचेस्टर याच्याशी लग्न ठरल्यावर तो तिला कापडखरेदीला नेतो. तो भडक जांभळं रेशीम निवडतो, गुलाबी साटीन निवडतो. ती हट्टानं काळं साटीन आणि मोतिया-करडं रेशीम यांवर भागवते. जसजशी खरेदी वाढते तसतशी तिला शरम वाटते. (बस्ता बांधताना आपल्याकडची एखादी मुलगी असं वागली तर काय होईल, सांगायला नको!) मग आपल्या नावावर थोडं तरी काही असावं म्हणून ती मदीरा बेटावरच्या, तिला वारस करू पाहणाऱ्या काकांना लग्नाची बातमी कळवते. हेच पत्र पुढे तिला वाचवतं. रॉचेस्टरचा मेव्हणा मेसन तेव्हा योगायोगानं काकांकडे उतरलेला असतो, आणि ही बातमी त्याच्या कानावर जाते. त्यामुळेच पहिली बायको जिवंत असल्याचं ऐन लग्नात, चर्चमध्ये उघड होतं.

ती पहिली बायको बर्था. लेखात तिला ‘वेडी बायको’ या दोन शब्दांत गुंडाळलं आहे. जमैकाहून येताना तिच्यासोबत ३०,००० पौंड आले होते. सरळ हुंडाच म्हणा की! जेनच्या वर्षाच्या पगाराच्या हजारपट. लग्न झालं की बायकोचा पैसा नवऱ्याचा, असा तेव्हाचा इंग्लंडमधला कायदा. तो बदलायला १८७० आणि १८८२ साल उजाडावं लागलं. म्हणजे हजारो आणणारी तिसऱ्या मजल्यावर कुलपात, आणि पगारावर जगणारी मात्र २० शिलिंग (म्हणजे एक पौंड) घेऊन पहाटे स्वतः दार उघडून निघून जाते. पुढे काकांचे २०,००० पौंड मिळाल्यावर ती तीन आतेभावंडांना प्रत्येकी ५,००० वाटून टाकते, आणि उरलेल्या पाच हजारांच्या बळावर रॉचेस्टरकडे परतते. आल्या आल्या त्याला सांगते, आता मी स्वतंत्र आहे आणि श्रीमंतही.

बर्थाला मात्र अख्ख्या कादंबरीत स्वतःचं असं एक वाक्यही धड बोलायला मिळत नाही. आपल्या लेखिकेनं पुढचा लेख तिच्यावर लिहावा, एवढी विनंती.

– एक निवृत्त शिक्षिका, सातारा