तोफा नाहीत म्हणून रागावलात?

महोदय,

रविवारच्या पुरवणीतला 'द व्हॅली ऑफ बोन्स' या इंग्रजी कादंबरीवरचा लेख वाचला. रागाच्या भरात लिहू नये म्हणून एक रात्र जाऊ दिली. काही उपयोग झाला नाही.

'युद्धकादंबरी, पण युद्धच नाही' ही आपल्या समीक्षकांची मुख्य तक्रार. मग हवे तरी काय होते, पानोपानी तोफा? 1940 साल, वेल्श पलटण, शिपाई खाणकामगार आणि अधिकारी बँकेतले, मुक्काम उत्तर आयर्लंडात. जनरलसाहेब पाहणीला येतात आणि शिपायांना विचारतात काय, तर ओटची लापशी आवडते का! समीक्षकांना हे 'अतिरंजित' वाटले. लेखक अँथनी पोअल स्वतः वेल्श रेजिमेंटमध्ये अधिकारी होते, हे समीक्षकांना कोणीतरी सांगा. (छापलेत तसे 'पॉवेल' नव्हे. ते स्वतः 'पोअल' म्हणत.)

1971 मध्ये मी बँकेची नोकरी सांभाळून टेरिटोरियल आर्मीत होतो. बोलावणे आले, एका रेल्वे पुलावर पहारा लागला. दोन दिवस बूट घासले, मग बडे साहेब आले आणि मला म्हणाले, "रात को नींद आती है?" होय म्हणावे तर पहाऱ्यावर झोपतो, नाही म्हणावे तर आजारी. मी "जी साब, नहीं साब" असे दोन्ही म्हणून मोकळा झालो. अतिरंजित म्हणे!

पण हेही सोडून दिले असते. पलटणीतल्या एका कंपनीचा, म्हणजे तुकडीचा, प्रमुख कॅप्टन ग्वाटकिन; त्याला 'विदूषक' म्हटलेत, ते मात्र सोडवत नाही. बँकेतला साधा माणूस; लढाई आली म्हणजे आपल्या जन्माचे सार्थक झाले असे त्याला मनापासून वाटते. बारमधल्या मुलीवर जीव जडतो, तर ती त्याच्याच कंपनीतल्या कॉर्पोरलबरोबर दिसते. शेवटी कंपनीही हातची जाते, आणि मिळते केडवर्डला. तोही बँकेतलाच, कालपर्यंत हाताखालचा. हा सगळा प्रकार लेखात अर्ध्या ओळीत उरकला आहे.

मी शाखेत परतलो तेव्हा ज्याला लेजर लिहायला मी शिकवले, तो मुलगा ऑफिसरच्या खुर्चीत होता. मॅनेजर म्हणाले, "तुम्ही नव्हता ना इथं!" नव्हतोच. पुलावर होतो. त्या मुलाने लगेच माझ्यासाठी चहा मागवला, तोही कपबशीतून. तोवर आम्ही दोघे ग्लासातून पीत असू. मुलगा चांगला होता हो, म्हणूनच जास्त लागले. समीक्षकांनी यात विनोद शोधून दाखवावा, मी वर्गणी दुप्पट भरीन.

आणि 'नव्या वाचकाने याच खंडापासून सुरुवात करावी' हा सल्ला कोणत्या जोरावर दिला? 1951 ते 1975 अशी बारा खंडांची मालिका, त्यातला हा सातवा. अखेरीस डिव्हिजनच्या कचेरीत टेबलामागे विडमरपूल, निवेदकाचा शाळासोबती, बसलेला दिसतो. पोटात गोळा यायला तो वाचकालाही आधीच्या खंडांतून, शाळेपासून ओळखीचा असावा लागतो. एरवी तो कोणीतरी एक साहेब.

जाता जाता : गेल्या तीन रविवारच्या शब्दकोड्यांची उत्तरे छापलेली नाहीत. आडवे 14 अजून अडले आहे.

आपला,
एक निवृत्त बँक कर्मचारी, सांगली