तालमीवरचा पिक्चर मराठीत कधी येणार?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या रविवार पुरवणीत शाळांच्या गॅदरिंगवर आलेलं पान वाचलं. फोटो छान होते पण सगळे डान्सचे, नाटकाचा एकही नाही, आणि तेव्हापासून हे पत्र डोक्यात घोळतंय. मी सांगलीजवळच्या एका शाळेत मराठी शिकवते आणि गेली सोळा वर्षं आठवी-नववीच्या मुलांची नाटकं बसवते. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली 'सीता स्वयंवर' केलं ते याच सांगलीत, त्यामुळे नाटकाबद्दल आमच्याकडे कोणाला काही पटवून द्यावं लागत नाही असा माझा समज होता, तो हळूहळू कमी होत चाललाय. पण मला आज बोलायचंय ते पिक्चरबद्दल. शाळेतली पोरं नाटक बसवतात यावर अमेरिकेत एकामागून एक पिक्चर निघालेत आणि आपल्याकडे, जिथे अर्धी इंडस्ट्री एकांकिका स्पर्धांमधून वर आली, तिथे ही गोष्ट कोणी नीट सांगतच नाहीये.

गेल्या डिसेंबरात एका शनिवारी मी तालमीला आलेल्या मुलांना प्रोजेक्टरवर 'डेड पोएट्स सोसायटी'मधला नाटकाचा भाग दाखवला. पिक्चर १९८९ चा, पीटर वेअरचा, गोष्ट १९५९ सालची, व्हरमाँटमधली मुलांची बोर्डिंग शाळा. सगळ्यांना त्यातले रॉबिन विल्यम्सचे सर आठवतात, बाकावर उभे राहणारे. मला आठवतो तो नील पेरी. हा मुलगा बापाला न विचारता शेक्सपिअरच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये पक नावाच्या खोडकर यक्षाचं काम घेतो आणि शाळेला द्यायचं परवानगीचं पत्र बापाच्या नावाने स्वतःच टाइप करतो, आणि टाइप करताना काय खूष असतो हो तो! प्रयोगाच्या दिवशी डोक्यावर काटक्यांचा मुकुट घालून स्टेजवर येतो, आणि नाटक चालू असताना बाप हॉलमध्ये येऊन मागे उभा राहतो. बसत नाही, उभाच. आता शेक्सपिअरने त्या नाटकाच्या शेवटी पकला प्रेक्षकांची माफी मागायला लावलीय, म्हणजे आम्हा सावल्यांकडून काही आगळीक झाली असेल तर समजा तुम्हाला डुलकी लागली आणि हे सगळं स्वप्नात पाहिलंत, आपण चुकभूल द्यावी घ्यावी म्हणतो ना तसंच. चारशे वर्षं ते भाषण प्रेक्षकांसाठी होतं, आणि इथे तो पोरगा ते मागे उभ्या असलेल्या बापाला उद्देशून म्हणतोय. एकही जादा वाक्य लिहावं लागलं नाही. याच्या पुढचा भाग मी मुलांना दाखवला नाही, ज्यांनी पिक्चर पाहिलाय त्यांना कारण माहीत आहे.

पण त्या बापाबद्दल मला एक तक्रार आहे. पिक्चरमध्ये तो नुसता कठोर दाखवलाय, डॉक्टरकी म्हणजे डॉक्टरकी, विषय संपला. मी जे बाप बघते ते तसे नसतात. तीन वर्षांपूर्वी ऐन तालमीत एका मुलाचे वडील दारात येऊन उभे राहिले, हातात मुलाची क्लासची बॅग. मुलगा राजा झाला होता, वाक्याच्या मध्यावर होता, तो तिथेच थांबला, मुकुट काढून बाकावर ठेवला आणि निघाला. वडील ओरडले नाहीत की काही नाही, उलट मलाच म्हणाले, "बाई, माफ करा, पण क्लासचा दुसरा हप्ता कालच भरलाय, मी रजा टाकून आलोय न्यायला." आता या माणसाला मी काय बोलणार? त्याचं चुकलं असं म्हणायला माझी जीभ रेटत नाही, आणि पोराचं चुकलं असंही म्हणवत नाही. हा प्रसंग कुठल्या पिक्चरमध्ये आहे सांगा. दोघंही बरोबर आहेत आणि मुकुट बाकावर पडलाय.

म्हणून मला 'रशमोर' जास्त आवडतो. वेस अँडरसनचा, १९९८ चा. त्यातला मॅक्स फिशर पंधरा वर्षांचा, अभ्यासात दाणादाण, पण शाळेत स्वतःच्या नावाची नाटक मंडळी काढलेली. वडिलांचं केशकर्तनालय आहे आणि हा श्रीमंत पोरांच्या शाळेत सांगतो की माझे वडील मेंदूचे डॉक्टर. त्यात एक सीन आहे, एक नट स्टेजवर एक वाक्य खातो आणि मॅक्स विंगेत त्याला धरतो, त्या नटाचं म्हणणं काय फरक पडतो एका वाक्याने, आणि मॅक्स म्हणतो प्रत्येक वाक्याने फरक पडतो, आणि त्यावरून ठोसा खातो. आमची पोरं तो सीन बघून इतकी हसली, कारण आदल्याच दिवशी आमच्या प्रधानजींनी दोन वाक्यं खाल्ली होती आणि त्यामुळे शिपायाची एन्ट्रीच हुकली होती. शेवटी मॅक्स व्हिएतनाम युद्धावर नाटक करतो, स्टेजवर एवढे स्फोट की खुर्च्यांखाली आधीच चष्मे आणि कानात घालायचे बोळे ठेवलेले, आणि त्या प्रयोगाला त्याचे वडील येतात आणि हा त्यांची ओळख करून देतो, हे माझे वडील, आणि ते केस कापतात हे आता लपवत नाही. बस एवढंच. त्या पोराला नाटकाने काय दिलं ते या ओळखीत आहे असं मला वाटतं, टाळ्या राहू द्या बाजूला.

'हायस्कूल म्युझिकल' माझ्या भाचीचा जीव की प्राण, पण मला त्यात नाटक दिसत नाही, नुसती निवड चाचणी आणि गाणी. पोरं दिसतात छान, कोणी पाठांतर करताना दिसत नाही, कोणाचा आवाज बसत नाही, कोणी घरून आणायची साडी विसरत नाही.

'लेडी बर्ड'मध्ये (२०१७, ग्रेटा गरविग) मात्र नाटकवाल्यांनाच कळेल असं बरंच काही आहे. सॅक्रामेंटोची कॅथलिक शाळा, २००२ सालचा सुमार. नाटकाचे फादर मुलांना एक खेळ घालून देतात, जो पहिला रडेल तो जिंकला, आणि मुलं डोळे ताणून बसलेली असताना फादरच हमसून रडायला लागतात. थिएटरात लोक हसले असतील, मला घशात काहीतरी अडकल्यासारखं झालं, कारण पुढे कळतं की माणूस खरंच आतून खचलेला आहे. मग त्यांच्या जागी कोण येतं तर शाळेच्या फुटबॉल टीमचे कोच! ते फळ्यावर फुल्या आणि गोल काढून, बाण मारून, शेक्सपिअरच्या 'द टेम्पेस्ट'चं ब्लॉकिंग, म्हणजे स्टेजवर कोणी कुठून कुठे जायचं ते, समजावतात, तू इथून सुटायचं, तू याला आडवं जायचं, अगदी मॅचला सांगावं तसं जीव तोडून. मला त्या कोचबद्दल फार माया वाटली. आमच्याकडेही एका वर्षी मी बाळंतपणाच्या रजेवर होते तेव्हा पीटीच्या सरांनी नाटक बसवलं होतं, शिट्टी वाजवून एन्ट्र्या देत होते, आणि त्या वर्षी कोणाचीही एन्ट्री चुकली नाही, हे मी इथे मुद्दाम लिहिते कारण त्यांना तेव्हा कोणी शाबासकी दिली नव्हती.

आता आपल्याकडे बघा. १९६३ पासून पुण्यात पुरुषोत्तम करंडक ही कॉलेजांची एकांकिका स्पर्धा चालू आहे, 'अरे आवाज कुणाचा' म्हणत पोरं भरत नाट्य मंदिर डोक्यावर घेतात. दादरच्या छबिलदास शाळेचा हॉल, शाळेचाच हॉल हं, तिथे 'आविष्कार' या नाट्यसंस्थेने १९७४ पासून प्रायोगिक नाटकाची चळवळ उभी केली, आणि त्यातल्या सुलभा देशपांडे छबिलदासमध्येच शिक्षिका होत्या, मुलांची नाटकं बसवता बसवता त्या कुठल्या कुठे गेल्या. तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे'मधली बेणारेबाई त्यांनीच केली, नाटकातही आणि सत्यदेव दुबेंनी १९७१ ला काढलेल्या पिक्चरमध्येही. आता तो पिक्चर कशावर आहे? हौशी नाटक मंडळी एका गावात प्रयोगाला जातात, मधला वेळ जायचा म्हणून खोटा खटला चालवतात आणि त्यातून एका शाळामास्तरणीचं आयुष्य उघडं पाडतात. हौशी नाटकावरचा इतका तिखट पिक्चर आपण तेव्हाच केलाय. पण तो मोठ्यांचा. मुलांच्या तालमीवरचा कुठे आहे? आजचे आपले किती लेखक, दिग्दर्शक, नट मुलाखतीत सांगतात की माझी सुरुवात एकांकिकेने झाली, रात्री दोनपर्यंत तालीम, वडापाव, शेवटची बस चुकली, नेपथ्य टेम्पोत घालून नेलं, सगळं सांगतात, डोळे चमकतात सांगताना. मग दादा, ताई, तोच पिक्चर करा ना! मुलाखतीत दोन मिनिटांत संपवून टाकण्याइतका तो विषय छोटा नाहीये.

आणि बक्षिसावर संपवू नका एवढीच विनंती. स्पर्धा, हार, जीत, करंडक, स्लो मोशन, हे खेळांच्या पिक्चरमध्ये बघून झालंय. एक गोष्ट सांगते. आमच्याकडे एक मुलगी प्रॉम्प्टिंग करायची, म्हणजे कोणी वाक्य विसरलं की विंगेतून हळूच सांगायचं, तिला काम दिलं तर नको म्हणायची. विंगेत स्टुलावर बसून, मोबाइलचा टॉर्च ओढणीखाली धरून, मांडीवर वही. प्रयोगाच्या दिवशी मी तिच्या मागे उभी होते. बघते तर वही बंद होती आणि तिचे ओठ हलत होते, राजाचं वाक्य, राणीचं वाक्य, शिपायाचं वाक्य, सगळ्यांची, सूर चढतो तिथे भुवया वर, रडायचं तिथे रडवेली. पाऊण तास संपूर्ण नाटक ती अंधारात एकटी करत होती आणि समोरच्या चारशे लोकांपैकी कोणालाही ती दिसत नव्हती. २०२३ चा 'थिएटर कॅम्प' पाहिला तेव्हा तीच आठवली, त्यात बॅकस्टेजची सगळी कामं निमूट करणारा ग्लेन शेवटी स्टेजवर जातो आणि सगळे बघतच राहतात. आमची मुलगी गेली नाही स्टेजवर. पडदा पडल्यावर तिने टॉर्च बंद केला आणि खिळे गोळा करायला लागली. मला तिच्यावरचा पिक्चर बघायचाय.

हे आत्ताच का लिहिते तेही सांगते. गेली दोन वर्षं गॅदरिंगमध्ये नाटकाला बारा मिनिटं मिळतात, कारण 'नाटक वेळ खातं'. बाहेरून डान्सवाले सर येतात, गाणं स्पीकरवर वाजतं, मुलं छान नाचतात, मला त्यांच्या नाचण्याबद्दल काही म्हणायचं नाही, पण स्टेजवर एकाही मुलाचा स्वतःचा आवाज ऐकू येत नाही. पालकांनाही व्हिडिओ काढायला डान्स बरा पडतो. बारा मिनिटांत राजा येतो आणि जातो. मीटिंगमध्ये मी वेळ वाढवून मागितला तेव्हा विचारलं गेलं, याचा दहावीला उपयोग काय. मला तिथल्या तिथे उत्तर सुचलं नाही याचं अजून वाईट वाटतं. तेव्हा असा एखादा मराठी पिक्चर असता तर मी म्हटलं असतं, रविवारी सगळे मिळून हा बघू आणि सोमवारी परत बसू.

आमच्या तालमी दिवाळीनंतर सुरू होतात, चित्रकलेच्या वर्गात, साडेचार वाजता. पिक्चर करणाऱ्यांपैकी कोणी हे वाचत असेल आणि त्यांना नुसतं येऊन बसायचं असेल तरी चालेल, बाकं आम्ही मागे सरकवलेलीच असतात.

आपली,
एक नाटक बसवणारी बाई, सांगली जिल्हा