हरणापाशी थबकलेला यंत्रमानव

महोदय,

सुटीत नातीसोबत दिग्दर्शक ब्रॅड बर्ड यांचा ‘द आयर्न जायंट’ (१९९९) हा ॲनिमेशनपट पाहिला. १९५७ सालची, शीतयुद्धाच्या भीतीने पछाडलेली अमेरिका. आकाशातून पडलेला अजस्र यंत्रमानव जंगलात हरणाकडे अलगद बोट नेतो. हरीण पळते, पाठोपाठ गोळीचा आवाज. निपचित पडलेल्या हरणाला तो बोटाने हलवून पाहतो, तेव्हा नातीने माझा हात घट्ट धरला. “आजोबा, मेलं म्हणजे काय हे त्याला माहीतच नाही का हो?”

शस्त्र म्हणून घडवलेला तो शस्त्र व्हायचे नाकारतो, हे मात्र तिला समजावून सांगावे लागले नाही. आपणच मुलांसमोर मरणाचा विषय टाळतो. शाळांनी हा चित्रपट जरूर दाखवावा आणि नंतर मुलांना मनसोक्त बोलू द्यावे.

— एक आजोबा, सातारा